किहीमची जागा

मे महिना लागला की चौलच्या आमच्या घरी माणसांची वर्दळ वाढायची. इतरांकडे सुट्टीत पाहुणे येतात, आमच्याकडे अर्जदार यायचे. माझे वडील, आम्ही त्यांना नाना म्हणायचो, अलिबागला जिल्ह्याच्या कचेरीत कारकून होते आणि बदल्यांचे नियम त्यांना तोंडपाठ होते. ओटीवर पाट घेऊन ते बसत, पुढ्यात आमच्याच वाडीतली सुपारी, हातात अडकित्ता. समोर कुणी शिक्षक, कुणी ग्रामसेवक, कुणी अंगणवाडीची पर्यवेक्षिका अंग चोरून बसलेली असायची. नाना सुपारी कातरत कातरत सांगायचे, अर्जात काय लिहायचं, काय मुळीच लिहायचं नाही. ‘पती-पत्नी एकत्रीकरण’ हा शब्द मी फार लहानपणी तिथेच ऐकला. तो मला लग्नातल्या एखाद्या विधीचं नाव वाटायचा. नवरा पोलादपूरला, बायको उरणला, पोर आजोळी, अशी माणसं यायची आणि जाताना नानांच्या पाया पडायची. त्यांची कामं व्हायची, हे खोटं नाही. नानांनी जोडून दिलेले संसार अजूनही त्या भागात असतील आणि ती माणसं अजूनही त्यांचं नाव आदराने घेत असतील.

ओटीच्या आत जे घर होतं ते कुणी पाहिलं नव्हतं. नाना आवाज चढवत नसत. त्यांनी आईला कधी मारलेलंही मी पाहिलं नाही. संध्याकाळी बोळाच्या तोंडाशी त्यांची स्कूटर बंद व्हायची आणि उरलेलं अंतर ते ती हाताने ढकलत आणायचे. घरात काय चाललंय ते आवाज न करता कळावं म्हणून. स्कूटरचा आवाज थांबला की आई हातातलं काम टाकून उगीचच दुसरं काम हातात घ्यायची. जेवायला बसल्यावर ते पहिला घास तोंडात धरून ठेवायचे. बिरड्याची उसळ असो, सोलकढी असो, घास खाली उतरेपर्यंत आम्ही दोघी त्यांच्या गळ्याकडे पाहत असायचो. कधी ते जेवायचे. कधी काहीच न बोलता ताट अंगठ्याने जरासं पुढे सरकवायचे, आणि त्या रात्री मग घरात कुणीच जेवायचं नाही. मीठ जास्त झालंय की कमी, हे आम्हाला कधीच कळलं नाही.

आई आरोग्यसेविका होती. चौलच्याच बाजूला तिचं उपकेंद्र होतं. लोक तिला नर्सबाई म्हणायचे. बाळंतपण कुणाची वेळ पाहून येत नाही, तेव्हा तिला घरी यायला उशीर व्हायचाच. उशीर झाला की नाना तिला शांतपणे मागच्या दारी बोलवायचे. तिथे नारळाची सोडणं साठवायची एक खोली होती, बिनखिडकीची. आई आपल्या पायांनी आत जायची आणि नाना बाहेरून कडी लावायचे. “तुझी आई थकल्ये, जरा पडू दे तिला,” असं मला सांगायचे आणि ओटीवर येऊन अर्जदारांशी बोलायला लागायचे. मी माजघरात अभ्यासाचं पुस्तक घेऊन बसायची. बाहेरून अडकित्त्याचा कट् कट् आवाज, मागून काहीच नाही. त्या ‘काहीच नाही’कडे कान लावून बसण्यात माझं बरंचसं बालपण गेलं. सकाळी आई पांढरी साडी नेसून कामावर निघायची तेव्हा तिच्या केसांत काथ्याचे धागे असायचे. ते मी वेचून काढायची.

मग एका मेमध्ये आईची बदली झाली. सोयीच्या गावी बरीच वर्षं काढलेल्यांना अवघड भागात पाठवायचं असा नियम तेव्हा कडकपणे लावत होते. आईला म्हसळ्याच्या पुढे, डोंगराच्या कुशीतलं एक उपकेंद्र मिळालं. दिवसातून मोजक्या एसट्या, मोबाइलला रेंज फक्त पाण्याच्या टाकीजवळ. चौलमध्ये हळहळ झाली. नाना ओटीवर सगळ्यांना सांगायचे, “आमच्यावर अन्यायच झाला. पण नियम म्हणजे नियम. मीच मोडा म्हणून कसं सांगणार?” पुढल्या वर्षी तिला परत आणू, असं त्यांनी मनाशी ठरवलेलं असावं. मला त्यांनी आईबरोबर पाठवलं. तिथल्या शाळेत माझं नाव घातलं आणि निघताना मला वाडीत नेऊन सांगितलं, “आईवर लक्ष ठेव. कोण येतं, कोण जातं, बघत जा. महिन्याला घरी आलीस की मला सांग.” वर सुपारीच्या झावळ्या हलत होत्या. मी मान डोलावली. महिन्याला घरी गेले की ते विचारायचे आणि मी “पेशंट येतात” एवढंच सांगायची. ते खरंच होतं.

त्या उपकेंद्राला लागून दोन खोल्यांचं क्वार्टर होतं. भिंतींना ओल, छपरावर माकडं, न्हाणीत विंचू. आणि तिथे आई गाऊ लागली. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं रेडिओ लागलाय. चुलीपुढे बसून ती सुकट परतत होती, कांद्याचा खमंग वास सुटला होता आणि ती गुणगुणत होती. भूक लागली की आम्ही जेवायचो, मग ती दुपार असो की तिन्हीसांज. तांदळाची भाकरी हातावरच घेऊन पायरीवर बसायचो. उपकेंद्रात पारूताई नावाच्या मदतनीस होत्या, गावातल्याच. झाडलोट, पाणी, बाळंतिणीजवळ बसणं, सगळं त्या करायच्या. त्या आईला म्हणायच्या, “बाई, तुमाला हितं टाकलाय म्हनून लोकं रडतात, आन तुमी तर म्हायेराला आल्यागत करता.” आई हसायची. तिच्या वरच्या दातांत एक फट होती, हे मला तोवर माहीत नव्हतं.

दुसरा मे आला. एका सकाळी टाकीजवळ आईचा फोन वाजला. मी शेजारीच हंडा भरत होते. अलिबागच्या तिच्या मैत्रिणीचा, दुसऱ्या एका सिस्टरचा फोन होता. तिचा आवाज मलाही ऐकू येत होता. “पेढे कधी देतेस? किहीमला जागा रिकामी झाल्ये आणि एकत्रीकरणात तुझं नाव वर आहे. तुझ्या मिस्टरांनी कसा बरोबर अर्ज टाकला बघ. आमचे नवरे कधी एवढं करणार?” आईने “बरं” म्हटलं आणि फोन पदराने पुसला. तो ओला झाला नव्हता. ती तशीच उभी राहिली आणि टाकीचं पाणी वाहून तिच्या चपलांखालून उताराला लागलं तरी तिला कळलं नाही. मी हंडा बाजूला घेतला. “आई, किहीम चांगलं आहे का?” मी विचारलं. खुळा प्रश्न होता. किहीम कुणाला नको असतं? नारळी-पोफळी, समुद्र, अलिबाग हाताशी. नर्सबायका त्या जागेसाठी वर्षानुवर्षं रांगेत असायच्या. “चांगलं आहे,” आई म्हणाली. “रोज घरून जाऊन येऊन करता येईल इतकं जवळ आहे.”

त्या दिवसापासून ती गायची थांबली. समुपदेशनाला अलिबागला जायच्या आदल्या दिवशी तिने दोन खोल्या घासून काढल्या, माझी वह्यापुस्तकं एका पिशवीत भरली, मग पुन्हा बाहेर काढून जागेवर लावली. पारूताई दारात उभ्या राहून बघत होत्या. “बाई, परत येनार ना?” त्यांनी विचारलं. आईने रिकामी पिशवी घडी करून फळीवर ठेवली.

समुपदेशन म्हणजे जिल्ह्याच्या मोठ्या सभागृहात सगळ्यांना बोलावून, एकेकाला पुढे घेऊन, रिकाम्या जागा दाखवून बदल्या करायची पद्धत. आता हे सगळं संगणकावर होतं, माणसाचं तोंड कुणाला दिसत नाही. तेव्हा दिसायचं. सभागृहात पंखे गरगरत होते तरी उकडत होतं. बायका पोरांना मांडीवर घेऊन, प्रमाणपत्रं प्लास्टिकच्या पिशवीत धरून बसल्या होत्या. नाना आधीच आले होते. सगळे कर्मचारी त्यांच्या ओळखीचे, शिपाई त्यांना पाणी आणून देत होता. त्यांनी पांढरा शुभ्र शर्ट घातला होता. आईच्या शेजारी बसून ते हळूच म्हणाले, “परवाच सोडणं काढून मागची खोली रिकामी करून घेतली. आता ती झाडायची तेवढी राहिल्ये.” कुणी ऐकलं असतं तर घर आवरण्याची गोष्ट वाटली असती. आईने हाताची बोटं एकमेकांत गुंतवली. मी तिच्या पलीकडे होते. तिच्या बांगड्यांचा बारीक आवाज येत होता, थांबतच नव्हता.

आमच्या मागे एक तरुण नर्स बसली होती, रेवती नावाची. तिची पोर कडेवर पेंगत होती. तिचा नवरा अलिबागला सरकारी गाडीवर ड्रायव्हर आणि ती लांब घाटाखाली. ती सारखी शेजारणीला सांगत होती, “किहीम गेलं तर संपलं. मग माझ्यासाठी जवळ काहीच उरत नाही.” तिला माहीत नव्हतं की किहीम जिच्या नावावर जाणार ती पुढेच बसली आहे. माहीत असतं तरी काय केलं असतं? नियमाप्रमाणे आईची सेवा जास्त होती.

आईचं नाव पुकारलं. ती उठली, नानाही उठले आणि मीही त्यांच्या मागे गेले. मोठे साहेब निवृत्तीला आलेले, कंटाळलेल्या डोळ्यांचे, पण वाईट माणूस नव्हते. “सिस्टर, किहीम रिकामं आहे. पती-पत्नी एकत्रीकरणात तुमचा क्रमांक पहिला. लिहू?”

“नको साहेब,” आई म्हणाली.

साहेबांनी वर पाहिलं. शेजारच्या कारकुनाचं पेन थांबलं.

“नको म्हणजे? अर्ज आहे तुमचा.”

“मी अर्ज केलेला नाही.”

“मिस्टरांनी दिलाय. तुमची संमती आम्ही गृहीत धरली. नवरा-बायकोंत वेगळं काय विचारायचं?” साहेब थोडे हसले. नानाही हसले आणि म्हणाले, “साहेब, डोंगरात राहून ती जरा दमल्ये. लिहा तुम्ही.”

आई टेबलाच्या कडेला हात टेकून उभी होती. तिचा आवाज इतका बारीक झाला की साहेबांना पुढे वाकावं लागलं. “साहेब, ही सवलत आहे ना?”

“हो, सवलतच. हक्क नाही. शक्यतो एकत्र ठेवावं, असं धोरण आहे.”

“मग ती कर्मचाऱ्याची सवलत की कर्मचाऱ्याच्या नवऱ्याची?”

साहेबांनी तिच्याकडे पाहिलं. मग त्यांची नजर नानांकडे गेली, माझ्याकडे आली आणि पुन्हा आईवर स्थिरावली. हळूहळू त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी उमटलं. “मला आठवतंय,” ते म्हणाले. “मागल्या खेपेला अवघड गावं घेताना इथे बायका रडत होत्या. तुम्ही एकट्याच आला होतात, तुम्हाला मी रोह्याजवळची जागा देत होतो. तुम्ही म्हसळ्याच्या पलीकडचं मागून घेतलंत. मला तेव्हाच नवल वाटलं होतं.”

आईला कुणी पाठवलं नव्हतं, ती स्वतः गेली होती, हे नानांना त्या क्षणी कळलं. मलाही. वर्षभर ओटीवर बसून ज्या अन्यायाची गोष्ट ते सांगत होते, तो अन्याय आईने आपल्या हाताने मागून घेतला होता. नानांनी मान वळवून आईकडे पाहिलं. रागाने नाही. एखादा आकडा चुकलाय हे कळल्यावर माणूस कागदाकडे पाहतो, तसं.

“नकार नोंदवा,” साहेबांनी कारकुनाला सांगितलं. “पुढचं नाव?”

पुढचं नाव रेवतीचं होतं. किहीम तिला मिळालं. ती नंतर आईजवळ आली. पोरीचं टोपडं सारखं नीट करत राहिली. आईने पोरीच्या गालाला बोट लावलं आणि विचारलं, “डोस झाले का सगळे?” एवढंच त्यांचं बोलणं.

पण नाना अजून टेबलापाशी होते. हात मागे बांधून, अगदी अदबीने. “साहेब, धोरण दोन्ही बाजूंनी लागू आहे,” ते म्हणाले. “पत्नी येत नसेल तर पतीला तिच्याजवळ जाता येतं. म्हसळ्याला लिपिकाची जागा रिकामी आहे.”

साहेबांनी चष्मा काढला. “लिपिकांच्या बदल्या उद्या आहेत.”

“उद्या येतो,” नाना म्हणाले.

आज मी वकिली करते, आणि माझ्याकडे येणारी निम्मी माणसं बदल्यांची गाऱ्हाणी घेऊन येतात. बहुतेकांचं म्हणणं खरं असतं. एकाला या टोकाला आणि दुसऱ्याला त्या टोकाला ठेवून घर मोडणं हा जुलूमच आहे, आणि त्यांच्यासाठी मी न्यायाधीशांपुढे जीव तोडून भांडते. बदली हा नोकरीचा भागच आहे, धोरण म्हणजे हक्क नव्हे, हे उत्तर मला नेहमी ऐकावं लागतं. त्या ‘शक्यतो’ शब्दाला मी भर कोर्टात शिव्या घालायच्या तेवढ्या ठेवल्या आहेत. पण त्या दिवशी त्याच ढिल्या शब्दाने माझ्या आईला वाचवलं, हेही मी विसरू शकत नाही. तो हक्क असता आणि नवऱ्याच्या हातात असता, तर? म्हणून जोडपं आलं की मी दोघांशी वेगवेगळं बोलते. नवऱ्याला बाहेर बसवून बाईला विचारते, “तुम्हाला जायचंय ना?” बऱ्याच जणी हसतात. एखादी हसत नाही.

नानांची बदली झाली. नियमात बसत होती, कुणी हरकत घेण्याचं कारणच नव्हतं. चौलला लोकांनी त्यांचं कौतुक केलं. बायकोसाठी वाडी, घर, अलिबागची खुर्ची सोडून डोंगरात जाणारा माणूस. म्हसळ्याला त्यांनी बाजारात एक खोली घेतली. ज्या सवलतीवर ते आले होते, तिच्यावर आलेल्याला पुन्हा लवकर बदली मागता येत नाही, हा नियमही त्यांनाच पाठ होता. त्यामुळे ते तिथे राहिले, वर्षानुवर्षं राहिले, आणि वाडीची देखभाल भाड्याच्या माणसांवर पडली. आईने पुढे माझं शिक्षण झाल्यावर रीतसर विभक्त होण्याचा अर्ज केला, तो मंजूरही झाला. पण ते फार नंतरचं.

मला आठवतो तो जूनमधला रविवार, ते पहिल्यांदा आले तो. आदल्या दिवशी पाऊस पडून गेला होता, चढणीवरची लाल माती चिकट झाली होती. पावसामुळे रविवारवर ढकललेल्या लसीकरणाला सकाळी आलेल्या काही बायका पायरीवर बसून होत्या. पारूताई पाणी आणायला गेल्या होत्या, त्या अर्धा हंडा घेऊनच परतल्या. “बाई, खालती पिंपलाखाली येक मानूस उबा हाय. मगासपासून. आपल्या दवाखान्याकरंच बघतोय. पांढरा शर्ट हाय.”

आई एका बाळाला वजनाच्या झोळीत ठेवत होती. तिने ते पुरतं केलं, वजन सांगितलं, बाळ त्याच्या आईच्या हातात दिलं. मग हात धुतले आणि दाराशी येऊन उभी राहिली. तोवर नाना वर आले होते. त्यांच्या हातात पत्र्याची ट्रंक होती. चिखलातून चढून येऊनही त्यांच्या शर्टावर शिंतोडा नव्हता. पायरीवरच्या बायका उठल्या नाहीत. त्यांना काही माहीत नव्हतं, पण आईचा चेहरा पाहून त्या तशाच बसून राहिल्या, एकमेकींना चिकटून, वाट न सोडता.

“आलो,” नाना म्हणाले. “ट्रंक कुठे ठेवू?”

“हे क्वार्टर माझ्या नावावर आहे,” आई म्हणाली. तिचे ओठ पांढरे पडले होते. “तुम्हाला म्हसळ्यात खोली बघावी लागेल.”

“नवरा आहे मी तुझा. याच कारणावर सरकारने मला पाठवलंय.”

“सरकारने म्हसळ्याला पाठवलंय. इथे दवाखाना आहे. काही दुखत असेल तर आत या, बघते मी.”

नाना उभे राहिले. एका बाईच्या मांडीवरचं पोर रडू लागलं, तिने ते पदराखाली घेतलं, पण जागची हलली नाही. नानांनी एकेकीकडे पाहिलं, जसे ते अर्जदारांकडे पाहायचे. मग माझ्याकडे पाहून म्हणाले, “दर रविवारी येत जाईन.” ट्रंक उचलून ते उतरणीला लागले. निसरड्या मातीवरूनही ते घसरले नाहीत.

ते वळणाआड गेल्यावर आई पायरीवर त्या बायकांच्यात बसली. पारूताईंनी तिला हंड्यातलं पाणी दिलं, पण भांडं ती तसंच मांडीवर धरून बसली. मी तिच्या पाठीशी जाऊन उभी राहिले.

“पुन्हा येतील का गं?” मी विचारलं.

आईने भांडं खाली ठेवलं. “येतील,” ती म्हणाली. “बदली झाल्ये ना त्यांची.” आणि पदराला हात पुसून तिने पुढच्या बाळासाठी हात पुढे केला.